उंबरठ्यावर अडलेलें अपील

शहाण्यानें कोर्टाची पायरी चढूं नये, ही म्हण आपल्याकडे घरोघर ऐकूं येते. ती ज्यानें पहिल्यानें उच्चारली त्याच्या मनांत खर्च, खेटे आणि खोटे साक्षीदार हे असावेत. परंतु या म्हणींत न आलेलें एक दुःख आहे. पायरी चढून गेल्यावरही दार उघडत नाहीं, हें तें दुःख. खालच्या न्यायालयांत हरलेला मनुष्य वरिष्ठ न्यायालयाकडे जातो. त्याचें म्हणणें खरें असेल किंवा खोटें असेल. तें तपासण्याची वेळच येत नाहीं. मुदत एका दिवसानें टळलेली असते, हुकूमनाम्याची नक्कल जोडावयाची राहिलेली असते, स्टांप कमी लागलेला असतो, मयत प्रतिपक्ष्याचे वारस वेळेवर दाखल केलेले नसतात, अथवा पुकारा झाला त्या क्षणीं वकील हजर नसतो. आणि तेवढ्यावरून अपील काढून टाकण्यांत येतें. आपण कां हरलों हें कळलें तर हरलेला मनुष्य एक वेळ मन आवरतो. आपलें कोणीं ऐकलेंच नाहीं, ही खंत मात्र तो जन्मभर बाळगतो आणि पुष्कळदां मुलांनाही वारसा म्हणून देऊन जातो.

हे नियम कोणा दुष्टानें केलेले नाहींत. जेथें जेथें एका निकालावर दुसऱ्याकडे दाद मागण्याची सोय झाली, तेथें तेथें त्या सोयीला कुंपणही घालावें लागलें. कुंपण नसेल तर भांडणाला अंत नाहीं, आणि ज्याच्या गांठीं पैसा अधिक तोच अखेरपर्यंत टिकणार. तेव्हां वाद कुंपण असावें कीं नसावें याचा नाहीं. कुंपणाशीं अडलेल्या माणसाला न्यायाधीशानें काय विचारावें, हा खरा प्रश्न आहे; आणि त्याला निरनिराळ्या काळीं मिळालेलीं उत्तरें पाहिलीं तर न्यायसंस्थेचा एक वेगळाच इतिहास डोळ्यांपुढें उभा राहतो.

शब्दांच्या काटेकोरपणाचा अतिरेक कोठपर्यंत जातो याचें जुनें उदाहरण रोमन कायद्यांत सांपडतें. इसवी सनाच्या दुसऱ्या शतकांतील गायस नांवाच्या कायदेपंडितानें तें नमूद करून ठेविलें आहे. एकाच्या द्राक्षवेली दुसऱ्यानें तोडल्या. त्यानें फिर्याद केली आणि फिर्यादींत ‘वेली’ असा शब्द उच्चारला. बारा पाट्यांच्या प्राचीन कायद्यांत मात्र ‘झाडें’ तोडण्याविषयीं लिहिलेलें होतें. तो ‘झाडें’ म्हणता तर जिंकला असता. ‘वेली’ म्हणाला म्हणून हरला. असल्या सूक्ष्मपणाचा लोकांना वीट आला आणि ती पद्धति हळूहळू मागें पडली, असें गायसच सांगतो. पुढें रोमन साम्राज्यांत अपिलाची व्यवस्था रुजली तेव्हां त्यासाठीं स्वतःच्या दाव्यांत दोन व दुसऱ्याच्या वतीनें तीन दिवसांची मुदत होती. इसवी सन ५३६ मध्यें सम्राट जस्टिनियनानें ती दहा दिवसांवर नेली. मुदत फार तोकडी असली तर निष्काळजी मनुष्याबरोबर सावध मनुष्यही तिच्यांत सांपडतो, ही ओळख इतकी जुनी आहे.

आपल्या धर्मशास्त्रकारांनींही या प्रश्नाचा विचार केला होता. झालेला निकाल अधर्मानें झाला असें ज्यास वाटत असेल त्यानें दुप्पट दंड देण्याची तयारी ठेवून तो व्यवहार पुन्हां उभा करावा, अशी तरतूद नारदस्मृतींत आहे. आजच्या भाषेंत हें अपिलापूर्वीं मागितलेलें तारणच होय. परंतु नारदानें याहून महत्त्वाचा एक भेद केला आहे. साक्षीदारांमुळें अथवा सभ्यांमुळें म्हणजे न्यायसभेंतील पंचांमुळें जो हरला, त्याला त्यांचा दोष दाखवून पुन्हां न्याय मागतां येतो. स्वतःच्याच वर्तनामुळें जो हरला, त्याला तो मार्ग नाहीं. या एका भेदांत सगळ्या विषयाचें बीज आहे. दार बंद करण्यापूर्वीं न्यायाधीशानें विचारावयाचा प्रश्न असा: चूक कोणाची?

मराठेशाहींतील न्यायपद्धतींत अपिलाची बांधीव व्यवस्था नव्हती, पण कुंपणें होतीं. वाद सुरूं होण्यापूर्वीं दोन्ही पक्षांकडून राजीनामा लिहून घेत. आज या शब्दाचा अर्थ नोकरी सोडण्याचें पत्र असा उरला आहे. तेव्हां त्याचा अर्थ, पंच जो निवाडा करतील त्यास आम्ही राजी आहों, असा होता. त्याबरोबर जामीनही द्यावा लागे. निवाडा झाला कीं जिंकणाऱ्यास जयपत्र मिळे आणि हरणाऱ्याकडून यजितपत्र, म्हणजे हार मान्य असल्याचा लेख, घेतला जाई. जिंकलेला सरकारांत हरकी भरी, हरलेला गुन्हेगारी भरी. ज्यानें आपल्या हातानें यजितपत्र लिहून दिलें त्याला तोच वाद पुन्हां उकरून काढणें अवघड होतें.

आणि तरीही वाद पुन्हां उभे राहत. स्थानिक मंडळी प्रतिपक्षाच्या मुलाहिजाची आहे अशी तक्रार करून वादी दुसरें थळ मागत, म्हणजे दुसऱ्या गांवच्या सभेपुढें आपला वाद न्यावा अशी विनंति करीत. हुजुरांत अर्ज गेला आणि धन्याच्या मनास आला तर तेथूनच प्रतिपक्षास ताकीद सुटे. वतनाचे कांहीं तंटे अशा रीतीनें पिढ्यान्‌पिढ्या चालले. शेवट लागत नाहीं, हा या पद्धतीचा मोठा दोष होता. तिच्यांत एक गुणही होता: गाऱ्हाणें एकदां धन्याच्या कानीं गेलें कीं पुढची हालचाल धनी करी. कागद कोणत्या तारखेस कोणत्या कारकुनाकडे द्यावयाचा, याचें ज्ञान नसलेला कुणबीही तेथपर्यंत पोंचूं शके.

पेशवाई गेल्यावर माउंट्‌स्टुअर्ट एल्फिन्स्टननें पंचायती कांहीं काळ चालूं ठेविल्या. परंतु १८२७ च्या मुंबई इलाख्याच्या कायदेसंग्रहानें न्यायाचें काम मुख्यतः सरकारी न्यायालयांकडे गेलें. पायऱ्या ठरल्या, मुदती ठरल्या, प्रत्येक कागदाला नमुना आला. या बदलाची सर्वांत विलक्षण कथा जिल्ह्याच्या कचेरींत घडली नाहीं. ती थेट लंडनमध्यें घडली.

मुंबई, मद्रास व कलकत्ता येथील मेयर-कोर्टांवरून इंग्लंडच्या राजाकडे अपील नेण्याची वाट १७२६ च्या सनदेनें उघडली होती. कंपनीच्या बंगालमधील सदर दिवाणी अदालतीच्या निकालांवर पांच हजार पौंडांवरील दाव्यांत असें अपील करण्याची सोय १७८१ च्या कायद्यानें झाली. राजा म्हणजे प्रत्यक्षांत प्रिव्हि कौन्सिल. हरलेला जमीनदार अथवा सावकार आपल्या इलाख्याच्या सदर अदालतींत अपिलाचा अर्ज देई, तारण भरी, कागदपत्रांचीं भाषांतरें होत, त्यांच्या नकला मोहोरबंद होऊन जहाजांत चढत आणि आफ्रिकेच्या टोंकाला वळसा घालून कित्येक महिन्यांनीं लंडनला पोंचत. तेथें त्या दप्तरांत जमा होत. आणि मग कांहींच घडत नसे.

याचें कारण साधें होतें. इंग्रजी पद्धतींत आपला दावा पक्षकारानें स्वतः पुढें ढकलावा लागतो. लंडनमध्यें मुखत्यार नेमावा लागतो, त्यानें बॅरिस्टर करावा लागतो, सुनावणीची मागणी करावी लागते. ही गोष्ट बंगालच्या, मद्रासेच्या किंवा मुंबई इलाख्याच्या पक्षकाराला ठाऊक नव्हती. आपण अर्ज दिला, तारण भरलें, सरकारच्या शिक्क्याखालीं कागद राजाकडे गेले. आतां न्याय करणें हें राजाचें काम, असें त्याला वाटलें असावें. तो ज्या परंपरेंत वाढला होता तिच्या दृष्टीनें हें वाटणें मुळींच वेडेपणाचें नव्हतें. इकडे तो निकालाची वाट पाहत बसला. तिकडे कागद त्याच्या माणसाची वाट पाहत पडले.

७ फेब्रुवारी १८२८ रोजीं हेन्री ब्रूम यांनीं पार्लमेंटांत कायदेसुधारणेवर सुमारें सहा तास भाषण केलें. त्यांत प्रिव्हि कौन्सिलाच्या न्यायदानावरही त्यांनीं कडक टीका केली. पुढें ते लॉर्ड चॅन्सेलर झाले आणि १८३३ मध्यें ज्या कायद्यानें प्रिव्हि कौन्सिलाची न्यायसमिति स्थापन झाली तो त्यांच्याच पुढाकारानें झाला. त्या कायद्याचें एक कलम मोठें वाचनीय आहे. तिन्ही इलाख्यांच्या सदर दिवाणी अदालतींतून आलेलीं अपिलें कौन्सिलांत दाखल झालीं आहेत, परंतु पक्षकारांनीं तीं सुनावणीस आणण्याची आवश्यक तजवीज केलेली नाहीं, अशी स्पष्ट कबुली त्यांत आहे. अशीं अपिलें ईस्ट इंडिया कंपनीनें सुनावणीस आणावीं आणि दोन्ही पक्षांसाठीं मुखत्यार व वकील नेमले जावे, असा हुकूम करण्याचा अधिकार या कलमानें राजास दिला.

येथें घडलेली गोष्ट नीट पाहिली पाहिजे. नियमाप्रमाणें पाहिलें तर तीं सर्व अपिलें पक्षकारांच्या कसुरीनें मेलेलीं होतीं. तीं एका फटकाऱ्यानें काढून टाकतां आलीं असतीं, आणि कोणीं अन्याय केला असेंही म्हणतां आलें नसतें. परंतु एक-दोन पक्षकार चुकले तर तो त्यांचा निष्काळजीपणा; तिन्ही इलाख्यांतील पक्षकार वर्षानुवर्षें तीच चूक करीत असतील तर चूक पक्षकारांची राहत नाहीं. ती वाटेची होते. नारदाचा प्रश्न ब्रूमसाहेबांनीं ऐकलेला असण्याचें कारण नाहीं, पण त्यांच्या कायद्यानें त्या प्रश्नाचें उत्तर नारदाच्याच अंगानें दिलें.

अर्थात् ही उदारता कायमची नव्हती. १८३८ च्या राजाज्ञेनें दहा हजार रुपयांहून कमी किंमतीच्या दाव्यांस सामान्यतः ही वाट बंद झाली, आणि अर्ज सहा महिन्यांच्या आंत झाला पाहिजे असें ठरलें. पुढें प्रतिपक्षाच्या खर्चाचें तारण, कागदपत्रांच्या भाषांतराचा व छपाईचा खर्च ठराविक मुदतींत भरणें, या अटी बसल्या. दहा हजारांहून कमी किंमतीचें शेत ज्याचें सर्वस्व होतें त्याच्यासाठीं लंडनचें दार उंबरठ्यापूर्वींच बंद होतें. हिंदुस्थानच्या अपिलांवरील प्रिव्हि कौन्सिलाचा अधिकार १० ऑक्टोबर १९४९ रोजीं संपला, तोंपर्यंत ही व्यवस्था थोड्याफार फरकानें टिकली.

इकडे हिंदुस्थानांत मुदतीचा कायदा बांधला जात होता. १८७१ च्या मुदतीच्या कायद्यानें अपिलांच्या मुदती सांगितल्या: जिल्हा न्यायालयाकडे तीस दिवस, उच्च न्यायालयाकडे नव्वद दिवस. निकालाची नक्कल मिळण्यास लागलेला काळ त्यांतून वजा होतो. पण त्याच कायद्याच्या पांचव्या कलमांत एक झरोका ठेवलेला होता: वेळेवर न येण्यास ‘पुरेसें कारण’ होतें अशी न्यायालयाची खात्री पटली तर मुदतीनंतरही अपील घेतां येईल. १८७७, १९०८ आणि १९६३ च्या कायद्यांत या तरतुदीचा आकडासुद्धां बदलला नाहीं. पुरेसें म्हणजे किती, हें कायद्यानें कोठेंच सांगितलें नाहीं. शेंकडों निकालांचा इतिहास या दोन शब्दांभोंवतीं फिरतो.

मद्रास उच्च न्यायालयानें १८८९ मध्येंच असें ठरविलें कीं, पक्षकाराची हयगय नसेल, आळस नसेल आणि त्याचा हेतु शुद्ध असेल तर या शब्दांचा अर्थ उदारपणें करावा, म्हणजे खऱ्या न्यायाला पुढें सरकतां येईल. याच्या उलट बाजूस १९३२ सालचा प्रिव्हि कौन्सिलाचा एक निकाल दाखवितात. तो मुंबईचे नामांकित कायदेपंडित सर दिनशा मुल्ला यांनीं लिहिलेला आहे. मुदतीच्या कायद्यांत दयामायेला जागा नाहीं. शब्दांचा सरळ व्याकरणशुद्ध अर्थ हाच एक विश्वासू वाटाड्या, असें त्यांत म्हटलें आहे. हें वाक्य त्या दिवसापासून आजपर्यंत कडकपणाच्या समर्थनार्थ उद्‌धृत होत आलें आहे. परंतु त्या खटल्यांत झालें काय, हें फार थोडे पाहतात. तेथें एक सदोष अपील झालें होतें. त्याला स्टांप पुरेसा नव्हता, त्याचा आकारही नियमास धरून नव्हता, आणि तें फेटाळलें गेलें होतें. पुढें हुकूमनाम्याच्या बजावणीची मुदत मोजतांना प्रश्न आला कीं, असल्या अपिलाला अपील म्हणावें काय? मुल्लांनीं शब्दाचा सरळ अर्थ घेतला. खालचा निकाल फिरवावा अशी वरिष्ठ न्यायालयाकडे केलेली मागणी म्हणजे अपील. तें नियमास सोडून असलें म्हणून अपील नाहींसें होत नाहीं. त्यामुळें मुदत त्या अपिलाच्या निकालापासून मोजली गेली आणि बजावणीची दरखास्त वांचली. कडक वाचन हें नेहमीं दार लावणारेंच असतें असें नाहीं. कधीं कधीं तें दार उघडून देतें.

स्वातंत्र्यानंतरचा एक खटला या दृष्टीनें मनन करण्याजोगा आहे. विंध्य प्रदेशांतील एका कोळसा कंपनीच्या दाव्यांत प्रतिवादी हरले. अपिलाचा शेवटचा दिवस १६ फेब्रुवारी १९५५ हा होता. अपील दाखल झालें १७ तारखेस. त्या शेवटच्या दिवशीं प्रतिवादी आजारी होता, आणि हें आजारपण खोटें आहे असें खालचें न्यायालयही म्हणत नव्हतें. त्याचें म्हणणें इतकेंच कीं, एवढे दिवस हातांत होते. त्या सर्व दिवसांत तुम्ही काय केलें तें सांगा. न सांगितल्यामुळें अपील गेलें. १९६१ मध्यें सर्वोच्च न्यायालयानें हा निकाल फिरविला. निकालपत्र लिहिणारे न्यायमूर्ति प्रल्हाद बाळाचार्य गजेंद्रगडकर साताऱ्यास संस्कृत पंडितांच्या घराण्यांत जन्मलेले. त्यांनीं दाखवून दिलें कीं, कायद्यानें जी मुदत दिली ती सबंध वापरण्याचा पक्षकारास हक्क आहे. तिच्या अखेरच्या दिवसापर्यंत थांबणें हा गुन्हा नव्हे. शेवटच्या दिवसापासून पुढें जो उशीर झाला तेवढ्याचाच खुलासा त्यानें द्यावयाचा. मात्र त्यांनीं दुसरीही गोष्ट तितक्याच स्पष्टपणें सांगितली. पुरेसें कारण दाखविलें म्हणजे उशिराची माफी हक्कानें मिळते असें नाहीं. ती न्यायालयाच्या विवेकाधीन आहे, आणि मुदत संपल्यानें जिंकलेल्या पक्षास जो हक्क मिळतो तो सहजासहजीं हिरावून घेतां येत नाहीं.

या दुसऱ्या सांगण्याकडे आपलें दुर्लक्ष होतें. हरलेल्याची कथा करुण असते म्हणून आपण तीच ऐकतों. पण जिंकलेला कोण असतो? पुष्कळदां ती पोटगी मिळालेली विधवा असते, बारा वर्षें भांडून चार बिघे परत मिळविलेला भाऊबंद असतो. त्याच्या डोक्यावर अपिलाची तलवार किती दिवस टांगती ठेवावी? युद्धकाळांत लष्करी कामासाठीं दोघां भावांची जमीन पंजाबांत सरकारनें घेतली होती. दोघांना मिळून भरपाई ठरली. ती जास्त झाली म्हणून सरकारनें अपील केलें. तें चालूं असतां एक भाऊ वारला, आणि त्याचे वारस मुदतींत दाखल करण्यास सरकार चुकलें. निवाडा एकत्र होता म्हणून अपील सबंध नष्ट झालें असें १९६१ सालीं सर्वोच्च न्यायालयानें ठरविलें. तेथें नियमाचें कुंपण दुबळ्याच्या शेताभोंवतीं होतें.

नारदाचा प्रश्न आपल्या काळांत सर्वांत उघड रीतीनें विचारला गेला तो १९८१ सालीं, न्यायमूर्ति डी. ए. देसाई यांच्या एका निकालांत. उत्तर प्रदेशांतील एका पक्षकाराचें अपील, सुनावणीच्या वेळीं त्याचा वकील गैरहजर म्हणून उच्च न्यायालयानें काढून टाकलें होतें. पक्षकार खेड्यांत राहणारा. त्यानें वकील केला, त्याला फी दिली, सांगितलें तें केलें आणि आतां आपलें काम योग्य हातीं आहे अशा विश्वासानें तो घरीं गेला. त्यानें रोज शहरांत येऊन आपला वकील कोर्टांत बसला आहे कीं नाहीं हें पाहत राहावें काय? असा प्रश्न करून सर्वोच्च न्यायालयानें अपील पुन्हां सुनावणीस घेवविलें आणि खर्चाचा बोजा गैरहजर वकिलावर टाकला. १८३३ च्या कायद्यांतील ते अनाम पक्षकार आणि हा खेडूत यांच्यामध्यें दीडशें वर्षांचें अंतर आहे, पण दोघेही एकाच ठिकाणीं अडले होते. वाट दुसऱ्यानें आंखलेली, तिचा वाटाड्याही दुसराच, आणि चुकल्याचा दंड मात्र यांच्या माथीं.

यावरून उदारपणाचा अर्थ वाटेल त्यास वाटेल तेव्हां आंत घेणें असा कोणी करील तर तें चुकीचें होईल. १९८७ सालीं भूसंपादनाच्या एका प्रकरणांत सरकारच्या अपिलाला चार दिवसांचा उशीर झाला होता. तो सर्वोच्च न्यायालयानें माफ केला. मुद्दाम उशीर करून पक्षकाराला कांहींच लाभ होत नाहीं, तो उलट धोकाच पत्करतो, असें त्यांत सांगितलें. या सवलतीचा आधार घेऊन सरकारी खातीं पुढें सुस्त होत गेलीं. अखेर २०१२ सालीं टपाल खात्यानें चारशें सत्तावीस दिवसांच्या उशिराबद्दल ‘फाइल एका मेजावरून दुसऱ्या मेजावर जाण्यास वेळ लागतो’ अशा अर्थाचें नेहमींचें कारण पुढें केलें तेव्हां न्यायालयानें तें मानलें नाहीं. ज्याच्या पदरीं कायदेपंडितांचा ताफा आहे, त्याची चूक ही त्याचीच चूक. एकच कलम, तेच दोन शब्द. पण दारांत कोण उभा आहे आणि तो कशानें अडला आहे हें पाहिल्यावांचून त्यांचा अर्थ लागत नाहीं.

पद्धतीचे नियम ही न्यायाची दासी आहेत, असें सांगण्याची आपल्याकडे रीत पडली आहे. तें खरें असलें तरी अपुरें आहे, कारण दासीवांचून घर चालत नाहीं, हें तें सांगत नाहीं. तारीख, स्टांप, नक्कल, जामीन यांच्यावांचून न्याय चालला असता तर आपले पूर्वज राजीनामे आणि यजितपत्रें कशाला लिहून घेते? नियम राहणारच. मागणें इतकेंच आहे कीं, दार लावण्यापूर्वीं आंतल्यानें एकदां बाहेर पाहावें. उंबरठ्यावर उभा असलेला मनुष्य स्वतःच्या हट्टानें उशिरां आला असेल तर त्याला खुशाल परत पाठवावें. परंतु त्याला वाटच कोणीं सांगितली नसेल, किंवा सांगणारानें फसविलें असेल, तर त्याच्या तोंडावर लावलेलें दार पुढें खऱ्या न्यायासाठीं उघडलें तरी त्याच्या मुलांना तें उघडें दिसणार नाहीं.